श्रीलंकेचे रस्ते: कँडीच्या घाटापासून जाफन्यापर्यंत

श्रीलंकेचे क्षेत्रफळ ६५,६१० चौरस किलोमीटर आहे, म्हणजे महाराष्ट्राच्या पाचव्या हिश्श्याहून थोडे जास्त. दक्षिण टोकाहून उत्तर टोकापर्यंतचे सरळ अंतर साडेचारशे किलोमीटरांच्या आत बसते. तरीही या बेटावर प्रवासाचा हिशेब किलोमीटरांवर नव्हे, तासांवर केला जातो. मधोमध डोंगर, नैर्ऋत्येला पाणथळ भातशेती, पूर्वेला खाजणे, उत्तरेला कोरडे सपाट रान. प्रत्येक भागातला रस्ता वेगळ्या काळात, वेगळ्या गरजेतून आणि वेगळ्या पैशातून झाला. त्यामुळे श्रीलंकेचा रस्ते-नकाशा वाचणे म्हणजे त्या देशाचा गेल्या दोनशे वर्षांचा इतिहास वाचणे आहे.

रस्त्यांची वर्गवारी सोपी आहे. 'ए' वर्गात शहरांना जोडणारे मुख्य रस्ते, 'बी' वर्गात त्यांना येऊन मिळणारे दुय्यम रस्ते. हे दोन्ही मिळून राष्ट्रीय महामार्ग होतात. त्यांची एकूण लांबी सुमारे १२,००० किलोमीटर असून रस्ते विकास प्राधिकरण ही सरकारी संस्था त्यांची देखभाल करते. 'सी' आणि 'डी' वर्गाचे रस्ते प्रांतांकडे असतात. 'ई' वर्ग द्रुतगती महामार्गांचा. तो सर्वांत नवा आणि सर्वांत लहान आहे, जेमतेम तीनशे किलोमीटरांच्या पुढचा. टोल फक्त याच वर्गात द्यावा लागतो. 'ए' रस्त्यांवर टोलनाके नाहीत, आणि बहुतेक ठिकाणी जाण्यायेण्यासाठी एकेकच मार्गिका आहे. वाहने भारताप्रमाणे डाव्या बाजूने चालतात. रस्त्यावरच्या तीनचाकी बहुतांशी पुण्याच्या बजाजच्या, आणि बस व लॉऱ्यांमध्ये अशोक लेलँड आणि टाटांचा भरणा मोठा. मराठी प्रवाशाला सिंहली पाट्या वाचता आल्या नाहीत, तरी वाहने ओळखीची वाटतात.

कँडीचा रस्ता

कोलंबो ते कँडी हा 'ए १' रस्ता ११६ किलोमीटरांचा आहे. क्रमांकाप्रमाणे इतिहासातही तो पहिला. कँडीचे राज्य डोंगरात होते आणि तिथे जायला गाडीरस्ता नव्हता. दाट जंगल आणि अरुंद खिंडी हीच त्या राज्याची तटबंदी. पोर्तुगीज आणि डच या दोघांनाही ती कायमची भेदता आली नाही. १८१५ मध्ये कँडी इंग्रजांच्या ताब्यात गेली, पण १८१७-१८ मध्ये उवा प्रांतात मोठा उठाव झाला आणि डोंगरात फौज पोचवणे किती अवघड आहे हे इंग्रजांना कळून चुकले. गव्हर्नर एडवर्ड बार्न्स यांनी १८२० च्या दशकात हा रस्ता हाती घेतला तो या अनुभवातून.

रस्ता बांधला कोणी, हा प्रश्न इंग्रजांच्या नोंदींत अभियंत्यांच्या नावांवर संपतो. त्यातले कॅप्टन विल्यम डॉसन यांचे नाव घाटमाथ्यावरच्या मनोऱ्याने टिकवले आहे. तरुण वयात कामावर रुजू झालेल्या थॉमस स्किनर यांनी पुढे अर्धे आयुष्य बेटभर रस्ते बांधण्यात घालवले. पण प्रत्यक्ष माती उपसली आणि खडक फोडला तो 'राजकारिय' या वेठबिगारीत धरून आणलेल्या गावकऱ्यांनी. कँडीच्या राजांच्या काळात ही सेवा जमिनीच्या मोबदल्यात दिली जाई. इंग्रजांनी जमिनीचा संबंध बाजूला ठेवला आणि सक्ती तेवढी उचलली. १८३० च्या दशकाच्या सुरुवातीला ती प्रथा कायद्याने बंद झाली, तोवर मुख्य रस्ता तयार झाला होता. मनोरा पाहताना या माणसांची आठवण व्हायला हवी. त्यांच्या नावाचा दगड कुठेही नाही.

आजच्या 'ए १' वरचा प्रवास केलनी नदी ओलांडून सुरू होतो आणि कडवत, निट्टंबुव, वारकापोल, केगल्ल अशा गावांतून जातो. पहिला अर्धा भाग जवळपास सलग बाजारपेठच आहे. प्रत्येक टप्प्याचा माल मात्र ठरलेला. बेलुम्महारापाशी अननसांच्या राशी, रडावडुन्न इथे वेताच्या खुर्च्या आणि पाळणे, पस्यालजवळच्या कजुगामात भाजलेले काजू घेऊन उभ्या असलेल्या बायका. केगल्लपाशी पिन्नवलाच्या हत्ती अनाथालयाकडे फाटा फुटतो. मावनेल्ल ओलांडताना उतुवनकंद ही टेकडी दिसते. एकोणिसाव्या शतकात सरदियेल नावाचा दरोडेखोर तिथे लपून राही. श्रीमंतांना लुटून गरिबांना देणारा अशी त्याची ख्याती झाली. १८६४ मध्ये कँडीत त्याला फाशी दिली गेली. ज्या रस्त्याने सरकारची फौज जात होती, त्याच रस्त्याने व्यापाऱ्यांच्या मालगाड्याही जात होत्या, आणि त्याची नजर होती ती या दुसऱ्या वाहतुकीवर.

मावनेल्लच्या पुढे चढ लागतो. कडुगन्नावाचा घाट म्हणजे या रस्त्याचा खरा कस. डावी-उजवी वळणे घेत रस्ता समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरांच्या वर जातो, समोर बथलेगल हा चौकोनी माथ्याचा डोंगर दिसत राहतो, आणि एका वळणावर खडकाला आरपार पाडलेले भोक येते. जुना रस्ता त्यातूनच जाई. खडकाला भोक पाडणारा राजा कँडी जिंकेल अशी भविष्यवाणी होती, म्हणून इंग्रजांनी मुद्दाम ते पाडले, असे तिथले लोक सांगतात. आज रस्ता रुंद होऊन खडकाच्या बाजूने जातो; भोक जुन्या रस्त्याची खूण म्हणून राखले आहे. घाटमाथ्यावर डॉसन मनोरा आणि पुढे रस्त्याकडेला महामार्गांचे छोटे संग्रहालय आहे. जुने वाफेचे रोलर आणि डांबराची यंत्रे तिथे मांडून ठेवली आहेत. सह्याद्रीत बोरघाटाचा गाडीरस्ता १८३० मध्ये खुला झाला, म्हणजे दोन्ही घाट जवळपास एकाच पिढीचे.

पेरादेनियाला महावेली नदी आडवी येते. तिथे १८३३ मध्ये सॅटिनवुड या स्थानिक लाकडाचा एका कमानीचा पूल उभा राहिला. त्यात एकही खिळा नव्हता. सत्तर वर्षांहून अधिक काळ त्याने गाड्यांचे ओझे पेलले. आता त्याच्या जागी आधुनिक पूल आहे.

डोंगरातले रस्ते

कँडीपर्यंत रस्ता फौजेसाठी झाला. कँडीच्या पुढचे रस्ते कॉफीसाठी आणि नंतर चहासाठी झाले. १८६९ पासून तांबेरा रोगाने कॉफीचे मळे नासू लागले आणि त्यांची जागा चहाने घेतली, पण रस्ते तेच राहिले. पेरादेनियाहून निघणारा 'ए ५' गंपोल, पुस्सेल्लाव, रंबोडमार्गे नुवारा एलियाला १,८६८ मीटर उंचीवर चढतो. रंबोडच्या वर डोंगराची धार वारंवार खचत असे, म्हणून तिथे २२५ मीटर लांबीचा बोगदा काढून २००८ मध्ये रस्ता आत घेण्यात आला. सह्याद्रीतले बोगदे पाहिलेल्याला ही लांबी नगण्य वाटेल, पण रस्त्यावरच्या बोगद्यांची सवय नसलेल्या या देशात तो मोठाच निर्णय होता.

या रस्त्यांवरून चहाच्या पेट्या खाली आल्या, तसे मजूर वर गेले. दक्षिण भारतातून आलेले तमिळ मजूर मन्नारच्या किनाऱ्यावर उतरत आणि कोरड्या रानातून दोनशेहून अधिक किलोमीटर चालत मातलेला पोचत. वाटेत पाणी नसे, पटकीची साथ असे, आणि किती जण वाटेतच मेले याची नीट मोजदादही झाली नाही. आजचा मन्नार-मेदवच्चिय रस्ता आणि कँडी-जाफना रस्त्याचा दक्षिण भाग ढोबळमानाने त्याच वाटेवर आहेत.

डोंगरी रस्त्यांचा शत्रू पाऊस. दोन्ही मोसमी वारे या डोंगरांवर पाणी टाकतात. त्यामुळे वर्षातला कोणताच काळ दरडींच्या धोक्यापासून पूर्ण मोकळा नसतो. नोव्हेंबर २०२५ मध्ये दितवा चक्रीवादळाने मध्य डोंगरात असा हाहाकार माजवला, की अनेक रस्ते आणि पूल एकाच आठवड्यात निकामी झाले.

समुद्राकाठचा रस्ता आणि त्याची बगल

'ए २' कोलंबोहून गॉल, मातारा, हंबनटोटा असा किनाऱ्याने जातो आणि मग आत वळून डोंगराच्या पायथ्याशी वेल्लवायला संपतो. लांबी सुमारे ३१५ किलोमीटर. गॉलपर्यंत हा रस्ता आणि रेल्वे कित्येक ठिकाणी समुद्रापासून काही पावलांवर धावतात. कलुतराला कलू गंगेच्या पुलापलीकडे रस्त्याकडेला बोधिवृक्ष आहे. तिथे वाहन थांबवून पेटीत नाणे टाकल्याशिवाय बसचालक पुढे जात नाहीत. हिक्कडुवच्या अलीकडे सीनिगमचे देवोल देवालय, तिथेही तेच. कोलंबोच्या उत्तरेला 'ए ३' वर मादंपेचे तनिवेल्ल देवालय आहे. बेटावरच्या प्रत्येक मोठ्या रस्त्याला असा एक राखणदार आहे. तो बौद्ध की हिंदू, हा प्रश्न चालकांना फारसा पडत नाही.

२६ डिसेंबर २००४ रोजी त्सुनामी आली ती याच किनाऱ्यावर. परालियपाशी समुद्राने एक भरलेली प्रवासी गाडी रुळांवरून उचलली. त्यात हजाराहून अधिक माणसे गेली. रेल्वेच्या इतिहासातला हा सर्वांत भीषण अपघात मानला जातो. रस्ता उखडला, पूल वाहून गेले, आणि दक्षिणेला मदत पोचवायला दुसरी सरळ वाट नव्हती. समुद्रापासून दूर, आतल्या बाजूने रस्ता हवा ही मागणी जुनीच होती. आता ती किती निकडीची आहे हे सगळ्यांना दिसले.

तो रस्ता म्हणजे 'ई ०१', दक्षिण द्रुतगती महामार्ग, श्रीलंकेतला पहिला. आशियाई विकास बँक आणि जपान यांच्या कर्जातून कोट्टावा ते गॉल हा पहिला टप्पा झाला आणि २७ नोव्हेंबर २०११ रोजी खुला झाला. त्याची लांबी सुमारे ९५ किलोमीटर, मुंबई-पुणे द्रुतगती महामार्गाएवढीच; मार्गिका मात्र सहाऐवजी चार. काम रेंगाळण्याला जमीन हे मोठे कारण होते. नैर्ऋत्य श्रीलंकेत घर, नारळाची वाडी आणि भातखाचर एकमेकांना लागून असतात. मोकळी जागा अशी नसतेच. पर्यावरण मंजुरी मिळालेल्या पट्ट्याबाहेर काही ठिकाणी आखणी सरकवली गेली. ज्यांच्या जमिनी त्यामुळे गेल्या, त्यांना आपले म्हणणे मांडण्याची संधीच मिळाली नव्हती. ते न्यायालयात गेले. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रस्ता थांबवला नाही, पण त्यांच्यावर अन्याय झाला हे मान्य करून वेगळी भरपाई देण्याचा आदेश दिला. प्रकल्प मोठा असला तरी ज्याचे घर जाणार त्याला आधी विचारले पाहिजे, हे त्या निकालाने स्पष्ट केले. रस्त्याच्या इंजिनिअरिंगइतकेच ते महत्त्वाचे आहे.

इंजिनिअरिंगही सोपे नव्हते. भातखाचरांखालची जमीन अर्धवट कुजलेल्या वनस्पतींची, भुसभुशीत. तिच्यावर भराव टाकला की ती दबत जाते. अनेक पट्ट्यांत आधी जमीन घट्ट करून घ्यावी लागली. रस्ता उंच भरावावरून जातो त्यामागे हे कारण आहे, आणि प्रवाशाला दोन्ही बाजूंना भाताची हिरवी खाचरे, रबराचे मळे आणि दालचिनीच्या बागा उंचावरून दिसतात त्यामागेही हेच. वेलिपेन्नाला खाण्यापिण्याची आणि विश्रांतीची सोय आहे. प्रवेश करताना तिकीट घ्यायचे, बाहेर पडताना अंतराप्रमाणे टोल भरायचा. वेगमर्यादा ताशी १०० किलोमीटर. दुचाकी, तीनचाकी आणि ट्रॅक्टर यांना बंदी. ज्या देशात सामान्य कुटुंबाचे वाहन दुचाकी किंवा तीनचाकी असते, तिथे या बंदीचा अर्थ मोठा होतो: बहुसंख्यांना हा रस्ता फक्त बसमधून वापरता येतो. सुदैवाने तशा बस आहेत. कोट्टावाजवळच्या माकुंबुरा स्थानकातून गॉल आणि मातारासाठी त्या सतत सुटतात. किनारी रस्त्याने गॉलला तीन तास लागत, ते अंतर आता साधारण तासाभरात कापले जाते.

२०१४ मध्ये मार्ग मातारापर्यंत वाढला, आणि फेब्रुवारी २०२० मध्ये आणखी ९६ किलोमीटर पुढे हंबनटोटा आणि मत्तला विमानतळापर्यंत गेला. हे दोन्ही वाढीव टप्पे चीनच्या कर्जातून झाले. एकूण लांबी २२२ किलोमीटर. मातारानंतर रहदारी विरळ होत जाते, हिरवाई मागे पडते आणि काटेरी झुडपांचा कोरडा प्रदेश येतो. हंबनटोटा मिठागरांचा आणि विरळ वस्तीचा जिल्हा आहे. तो माजी राष्ट्राध्यक्ष महिंदा राजपक्ष यांचा घरचा जिल्हाही आहे. तिथे २०१० मध्ये बंदर झाले, २०१३ मध्ये विमानतळ, आणि शेवटी द्रुतगती महामार्ग. बंदर २०१७ मध्ये ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने चिनी कंपनीकडे गेले; विमानतळावर विमाने फार थोडी उतरतात. रस्ता उत्तम आहे यात शंका नाही. पण देशाचा पहिला लांब द्रुतगती महामार्ग जिथे गर्दी कमी आहे तिकडे वाढत गेला आणि जिथे ती जास्त आहे तिकडे वाढला नाही, हेही तितकेच खरे आहे.

याच टापूत उत्तरेकडे बुत्तल-कतरगम रस्त्यावर रानटी हत्ती वाहने अडवतात. प्रवाशांनी वर्षानुवर्षे केळी आणि कलिंगडे दिल्याने त्यांना सवय लागली आहे. हौसेने दिलेले ते केळे पुढच्या गाडीतल्या माणसाच्या आणि हत्तीच्याही जिवावर बेतू शकते.

कोलंबोभोवती

'ई ०३' हा कोलंबो-कटुनायके मार्ग २५.८ किलोमीटरांचा. विमानाने येणाऱ्याची श्रीलंकेच्या रस्त्यांशी पहिली ओळख याच्यावरच होते. ऑक्टोबर २०१३ मध्ये तो सुरू झाला. मुतुराजवेला या मोठ्या दलदलीतून भराव टाकून तो नेला आहे. एका बाजूला पाणथळ रान आणि बगळे, दुसऱ्या बाजूला नेगोंबोचे खाजण. त्याआधी विमानतळाहून शहरात यायला 'ए ३' वरच्या गर्दीत तास-दीड तास सहज जाई. शहराच्या टोकाला केलनी नदीवर जपानच्या साहाय्याने बांधलेला केबलच्या आधारावरचा नवा पूल नोव्हेंबर २०२१ मध्ये खुला झाला.

'ई ०२' हा बाह्यवळण मार्ग केरवलपिटिय ते कोट्टावा असा २९ किलोमीटरांचा. २०१४ ते २०१९ या काळात तीन टप्प्यांत तो पूर्ण झाला आणि विमानतळाचा मार्ग दक्षिण महामार्गाला जोडला गेला. कटुनायकेहून मत्तलापर्यंत एकही सिग्नल न लागता जाता येते ते यामुळे.

उत्तरेचा रस्ता

'ए ९' कँडीहून जाफन्याला जातो, ३२१ किलोमीटर. मातलेपर्यंत उतार आणि मसाल्यांच्या बागा, पुढे दंबुल्ल. तिथल्या गुंफामंदिराखालून रस्ता जातो आणि थोड्या अंतरावर देशातला मोठा भाजीबाजार लागतो. रात्रभर तिथे लॉऱ्या भरत असतात. मिहिंतले ओलांडले की मेदवच्चिय, आणि मग वावुनिया. इथून पाट्यांवर तमिळ आधी दिसू लागते.

वावुनियाच्या पुढचा रस्ता एका पिढीला रस्ता म्हणून मिळालाच नाही. यादवीच्या काळात १९९० पासून तो नागरी वाहतुकीला जवळपास बंद होता. २००२ च्या युद्धबंदीनंतर तो उघडला. ओमंतै इथे सरकारी हद्द संपे आणि तमिळ बंडखोरांच्या लिबरेशन टायगर्सची सुरू होई; मुहमालै इथे उलटे. दोन्हीकडे उतरून सामान तपासून घ्यायचे आणि मग पुढे. ऑगस्ट २००६ मध्ये तो पुन्हा बंद झाला आणि जाफन्याच्या लाखो लोकांना धान्यापासून औषधांपर्यंत सारे जहाजाने किंवा विमानाने येऊ लागले. जानेवारी २००९ मध्ये संपूर्ण रस्ता सैन्याच्या ताब्यात आला, युद्ध मे महिन्यात संपले, आणि त्यानंतर सामान्य वाहतूक टप्प्याटप्प्याने सुरू झाली. सुरुंग काढून, मग डांबर घालून.

आज तो रुंद, गुळगुळीत आणि सरळ आहे. मुरुगंडीच्या छोट्या गणपतीपाशी जवळपास प्रत्येक वाहन थांबते, नारळ फुटतो, कापूर लागतो. किलिनोच्चीत युद्धात पाडलेली पाण्याची प्रचंड टाकी आडवी पडलेली आहे. ती सरकारने स्मारक म्हणून तशीच ठेवली. पुढे एलिफंट पास, जाफना द्वीपकल्पाला मुख्य भूमीशी जोडणारी खाऱ्या पाण्यामधली चिंचोळी वाट. इथे १९९१ आणि २००० मध्ये मोठ्या लढाया झाल्या, कारण जमिनीवरून जाफन्याला जायचा दुसरा चांगला रस्ता नव्हता. रस्त्याकडेची स्मारके विजयी सैन्याची आहेत. ज्या तमिळ गावकऱ्यांनी याच रस्त्याने अनेकदा घरे सोडली, त्यांचे स्मारक इथे दिसत नाही. घाटातल्या वेठबिगारांबाबत जे झाले, तेच इथे दीडशे वर्षांहून अधिक काळानंतर घडलेले दिसते.

युद्धानंतर उत्तर-पूर्वेत पुलांनी मोठा फरक पडला. जानेवारी २०११ मध्ये संगुपिड्डीचा पूल झाला आणि मन्नारहून पूनकरीमार्गे जाफन्याला जाणारा 'ए ३२' जिवंत झाला. एलिफंट पासला पर्याय मिळाला. पूर्व किनाऱ्यावर बट्टिकलोआ-त्रिंकोमाली हा 'ए १५' खाजणांमुळे तुटक होता, ठिकठिकाणी तरीवर वाहने चढवावी लागत. २००९ मध्ये किन्नियाचा ३९६ मीटरांचा पूल झाला. इतर तरींच्या जागीही पूल आले आणि तो रस्ता सलग झाला. मोठ्या महामार्गांच्या तुलनेत हा खर्च किरकोळ, पण तिथल्या मच्छीमाराला आणि शाळकरी मुलाला त्याचा लाभ रोजचा आहे.

अपुरा दुवा

कोलंबोहून जाफना सुमारे ४०० किलोमीटर. देशातला हा एक लांब आणि राजकीयदृष्ट्या नाजूक प्रवास, आणि तो जवळपास पूर्णपणे साध्या 'ए' रस्त्यांवरूनच करावा लागतो. मध्य द्रुतगती महामार्ग, 'ई ०४', हे अंतर काही प्रमाणात कमी करणार होता: कडवतहून मिरिगामा, तिथून कुरुनेगल, पुढे दंबुल्ल, आणि एक शाखा कँडीकडे. त्यातला मिरिगामा-कुरुनेगल हा सुमारे ४० किलोमीटरांचा मधला टप्पा स्थानिक कंत्राटदारांनी बांधला आणि जानेवारी २०२२ मध्ये तो सुरू झाला. पहिला टप्पा तयार नसल्याने तो उरलेल्या जाळ्याला जोडलेला नाही. तीनच महिन्यांनी, एप्रिल २०२२ मध्ये, श्रीलंकेने परकीय कर्जाची परतफेड थांबवली. पेट्रोलपंपांवर मैलोगणती रांगा लागल्या, आणि ज्या पहिल्या टप्प्याला चीनचे कर्ज येणार होते त्याचे काम बंद पडले. अर्धवट खांब काही वर्षे तसेच उभे राहिले. रत्नपुराकडे जाणारा रुवनपुरा महामार्गही रखडला.

कर्जाची फेररचना झाल्यावर २०२५ मध्ये कडवत-मिरिगामा टप्प्याचे काम पुन्हा हाती घेण्यात आले. हा टप्पा ३७ किलोमीटरांचा आहे. तो झाल्यावर कुरुनेगल विमानतळाशी आणि दक्षिणेशी सलग जोडले जाईल. दंबुल्लकडची आणि कँडीकडची शाखा त्यानंतरची. तोवर कँडीची वाहने अननसांच्या राशी आणि काजूवाल्या बायका ओलांडत 'ए १' नेच घाटाला लागतात. जाफन्याच्या बस रात्री कोलंबोहून सुटून पुट्टलम किंवा दंबुल्लमार्गे सकाळी पोचतात.